‘हे खरे आहे काय?’ : महाराष्ट्राची विधानसभा कशी घडली आणि कशी चालते

महाराष्ट्रात पगारावर काम करणाऱ्या बहुतेकांच्या पगारपत्रकात ‘व्यवसाय कर’ अशी एक ओळ असते. महिन्याला २०० रुपये, फेब्रुवारीत ३००, म्हणजे वर्षाचे २,५००. रक्कम लहान असल्यामुळे ती कुठून आली हे कुणी विचारत नाही. १९७२ च्या दुष्काळात गावंच्या गावं खडी फोडायला रस्त्याच्या कामांवर उभी होती. ‘मागेल त्याला काम’ ही कल्पना विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांनी लावून धरली आणि रोजगार हमी योजना उभी राहिली. योजनेला पैसा हवा, म्हणून १९७५ साली राज्याच्या विधिमंडळाने व्यवसाय कराचा कायदा केला. १९७७ साली रोजगार हमीचाच कायदा झाला आणि काम मागणं हा मजुराचा हक्क ठरला. केंद्राचा रोजगार हमी कायदा आला २००५ मध्ये, म्हणजे त्यानंतर अठ्ठावीस वर्षांनी.

शहरातल्या पगारदाराचे दोनशे रुपये दुष्काळी तालुक्यातल्या मजुराच्या हाती हक्काने पोचवायचे, असा निर्णय घेणारी ही जागा. तिथे काय चालतं हे मात्र आपल्याला टीव्हीवरच्या गदारोळापलीकडे फारसं माहीत नसतं. आमदार कोणत्या गटाचा, कुणाचा जावई, मागच्या निवडणुकीत किती मतांनी आला, हे आपण तोंडपाठ सांगू. पण तो सभागृहात नेमकं काय करू शकतो, हे विचारलं तर बहुतेक जण गप्प बसतील. हा लेख त्यासाठी आहे.

‘कनिष्ठ’ म्हणतात, पण

राज्याचं विधिमंडळ म्हणजे राज्यपाल, विधानसभा आणि, जिथे असेल तिथे, विधान परिषद. देशातल्या मोजक्याच राज्यांत परिषद आहे आणि महाराष्ट्र त्यांतलं एक. शेजारच्या गोव्यात एकच सभागृह आहे, ४० आमदारांची विधानसभा. आपल्याकडे विधानसभेला ‘कनिष्ठ सभागृह’ आणि परिषदेला ‘वरिष्ठ सभागृह’ म्हणायची पद्धत आहे. त्या शब्दांमुळे बरेच जण फसतात, कारण खरी ताकद ‘कनिष्ठ’ सभागृहाकडे आहे.

विधानसभेचे २८८ सदस्य थेट लोकांच्या मतांवर येतात. परिषदेचे ७८ सदस्य येतात ते आमदार, महापालिका-जिल्हा परिषदांचे सदस्य, पदवीधर आणि शिक्षक यांच्या मतांवर. त्यांतल्या १२ जणांची नेमणूक राज्यपाल करतात. सरकार टिकवायचं की पाडायचं, हे फक्त विधानसभा ठरवते. पैशाचं विधेयक फक्त विधानसभेतच मांडता येतं. परिषदेला ते चौदा दिवसांत परत करावं लागतं. साधं विधेयकही परिषदेने पहिल्या खेपेला फार तर तीन महिने आणि दुसऱ्या खेपेला एक महिना अडवायचं, त्यानंतर विधानसभेचं म्हणणं कायम. दिल्लीत दोन सभागृहांचं जमलं नाही तर संयुक्त बैठक बोलावता येते. राज्यात तशी सोय नाही, कारण तिची गरजच ठेवलेली नाही.

विचारण्याचा हक्क कसा मिळाला

या सभागृहाचा इतिहास सालांच्या यादीपेक्षा एका प्रश्नाच्या अंगाने वाचला तर जास्त कळतो. प्रश्न असा: सरकारला जाब विचारायचा हक्क कुणाला आणि कधी मिळाला?

१८६१ च्या कायद्याने मुंबई इलाख्यात कायदे कौन्सिल आलं. राज्यपालांनी नेमलेले मूठभर सदस्य, त्यांत जगन्नाथ शंकरशेट यांच्यासारखे एतद्देशीय. पुढ्यात आलेल्या मसुद्यावर बोलायचं, एवढंच त्यांचं काम. सरकारच्या कारभाराबद्दल प्रश्न विचारायची मुभाच नव्हती. ती मिळायला एकतीस वर्षं लागली. १८९२ च्या सुधारणेने सदस्यांना प्रश्न विचारता येऊ लागले आणि अर्थसंकल्पावर बोलता येऊ लागलं. त्यावर मत द्यायचा हक्क अजूनही नव्हता. याच काळात टिळक, फिरोजशहा मेहता आणि गोपाळ कृष्ण गोखले या कौन्सिलात बसले. १९०१ साली शेतजमिनीच्या महसूल कायद्यात रयतेला जाचक वाटणारी दुरुस्ती सरकारने रेटली, तेव्हा मेहता उठून बाहेर पडले आणि गोखल्यांसह आणखी काही सदस्य त्यांच्यामागून निघाले. आज ज्याला आपण सभात्याग म्हणतो, त्याचं आपल्याकडचं हे जुनं उदाहरण.

१९०९ मध्ये उपप्रश्न विचारायची परवानगी मिळाली. ही गोष्ट वाटते त्यापेक्षा मोठी आहे. लेखी प्रश्नाला लेखी उत्तर देऊन सुटता येतं. ‘मग पुढे काय केलंत?’ असं तोंडावर विचारलं की सुटका अवघड होते. १९१९ च्या कायद्यानंतर कौन्सिलात निवडून आलेल्यांचं बहुमत झालं. याच कौन्सिलात ऑगस्ट १९२३ मध्ये सी. के. बोले यांनी ठराव मांडला की सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा अस्पृश्य मानलेल्यांना खुल्या कराव्यात. ठराव मंजूर झाला. महाड नगरपालिकेने चवदार तळं खुलं केल्याचं जाहीर केलं, पण पाण्याला हात लावायची हिंमत कुणाची होईना. २० मार्च १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्यासोबतची हजारो माणसं त्या तळ्याच्या पायऱ्या उतरली. सभागृहात मंजूर झालेली ओळ आणि जमिनीवरची वस्तुस्थिती यांत किती अंतर असतं, हे सांगायला महाडइतकं दुसरं उदाहरण मला सापडत नाही. त्या ओळीमुळेच पुढची लढाई कायद्याच्या भाषेत लढता आली, हेही तितकंच खरं.

आजच्या अर्थाने ‘विधानसभा’ जन्मली १९३७ मध्ये. १९३५ च्या कायद्याने मुंबई प्रांताला दोन सभागृहं दिली. विधानसभेत १७५ सदस्य होते. मतदानाचा हक्क अजून मालमत्ता, कर आणि शिक्षण यांच्या चाळणीतून जायचा. जुलै १९३७ मध्ये पुण्याच्या कौन्सिल हॉलमध्ये पहिलं अधिवेशन भरलं. बाळासाहेब खेर मुख्यमंत्री (तेव्हा ‘प्रधानमंत्री’ म्हणत) झाले, गणेश वासुदेव मावळंकर अध्यक्ष. मावळंकर पुढे लोकसभेचे पहिले अध्यक्ष झाले. डॉ. आंबेडकर स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते म्हणून विरोधी बाकांवर होते. १७ सप्टेंबर १९३७ ला त्यांनी कोकणातली खोती, म्हणजे सरकार आणि कूळ यांच्यामध्ये बसून सारा वसूल करणाऱ्या खोतांची पद्धत, नष्ट करणारं विधेयक मांडलं आणि जानेवारी १९३८ मध्ये हजारो शेतकरी मुंबईत कौन्सिल हॉलवर चालून आले. कुलाब्याजवळ आज ज्या देखण्या दगडी इमारतीत राज्य पोलिसांचं मुख्यालय आहे, तोच हा मुंबईचा कौन्सिल हॉल. बाबासाहेबांचं विधेयक तेव्हा मंजूर झालं नाही. खोती कायद्याने गेली ती १९४९ मध्ये, स्वातंत्र्यानंतर.

याच कौन्सिल हॉलकडे २१ नोव्हेंबर १९५५ ला संयुक्त महाराष्ट्राचा मोर्चा निघाला होता. फ्लोरा फाउंटनला गोळीबार झाला. हुतात्मा चौकातून जाताना आठवायला हवं, की ती माणसं विधानसभेपर्यंत आपलं म्हणणं पोचवायला निघाली होती.

१९५६ साली द्विभाषिक मुंबई राज्य झालं तेव्हा मराठवाड्याचे जिल्हे हैदराबादेतून आणि विदर्भाचे मध्य प्रदेशातून आले, आणि सभागृह फुगून ३९६ जणांचं झालं. १ मे १९६० ला त्यातून गुजरात वेगळा निघाला. महाराष्ट्राच्या वाट्याला २६४ जागा आल्या. पुढे त्या २७० झाल्या आणि १९७८ पासून २८८ आहेत. राज्याची लोकसंख्या तेव्हापासून दुपटीच्या आसपास गेली, आमदार तेवढेच राहिले. १९८१ मध्ये कामकाज नरिमन पॉइंटच्या नव्या विधान भवनात गेलं.

पाच ओळींचा कागद

आता कामकाजाकडे येऊ. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण माझ्या मते सभागृहाचा जीव इथेच आहे.

आमचे काका जिल्हा परिषदेत नोकरीला होते. अधिवेशनाच्या दिवसांत ते रात्री उशिरा घरी यायचे. काकूंनी विचारलं की एवढंच म्हणायचे, ‘एलएक्यू आलाय.’ मला तो एखादा रोग वाटायचा. पुढे कळलं की हा विधानसभेतून आलेला प्रश्न. मुंबईत कुणीतरी आमदाराने आमच्या जिल्ह्यातल्या एका दवाखान्याबद्दल विचारलं, की तो कागद मंत्रालयातून जिल्ह्याला, जिल्ह्यातून तालुक्याला, तालुक्यातून थेट त्या दवाखान्यापर्यंत उतरतो आणि दोन दिवसांत उत्तर घेऊन उलटा वर चढतो. एरवी सहा महिने न हलणारी फाइल त्या दोन दिवसांत सापडते, तिच्यावरची धूळ झटकली जाते आणि तिच्यात काय आहे हे साहेबांना वाचावं लागतं.

तो कागद दिसतो असा. समजा, एका गावच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉक्टर नाही. आमदार विचारतो:

(१) अमुक तालुक्यातील अमुक येथील प्राथमिक आरोग्य केंद्रातील वैद्यकीय अधिकाऱ्याचे पद रिक्त आहे, हे खरे आहे काय;
(२) असल्यास, त्यामुळे रुग्णांची गैरसोय होत आहे, हे खरे आहे काय;
(३) असल्यास, उक्त प्रकरणी चौकशी केली आहे काय, त्यात काय आढळून आले;
(४) तदनुसार सदर पद भरण्याबाबत कोणती कार्यवाही केली वा करण्यात येत आहे;
(५) नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?

उत्तराचीही ठरलेली भाषा आहे. ‘हे खरे आहे.’ ‘हे अंशतः खरे आहे.’ ‘हे खरे नाही.’ आणि शेवटी बऱ्याचदा, ‘प्रश्न उद्भवत नाही.’ वाचताना ही भाषा कोरडी वाटते, पण तिच्यात एक पेच आहे. मंत्र्याला ‘खरे आहे’ किंवा ‘खरे नाही’ यांपैकी काहीतरी छापून द्यावंच लागतं. छापलेलं उत्तर सभागृहाच्या दफ्तरात कायमचं राहतं. ते खोटं निघालं तर हक्कभंगाचा, म्हणजे सभागृहाचा अवमान केल्याचा, विषय होऊ शकतो. म्हणून ‘अंशतः’ हा शब्द इतका लाडका आहे. ज्याला उत्तर वाचता येतं, तो आधी ‘अंशतः’ कुठे आलंय ते बघतो. नेमकं तिथेच काहीतरी दडलेलं असतं.

ज्या प्रश्नाच्या क्रमांकावर फुली म्हणजे तारांकन असतं, तो तारांकित. त्याला मंत्री तोंडी उत्तर देतात आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. तारा नसलेला तो अतारांकित, त्याला फक्त लेखी उत्तर. प्रश्नोत्तरांना साधारण एक तास मिळतो. यादीत प्रश्न भरपूर असतात, तासाभरात निघतात मोजकेच. अध्यक्ष क्रमांक पुकारतात, मंत्री उठून सांगतात की उत्तर छापल्याप्रमाणे आहे, आणि मग खरा खेळ सुरू होतो. ‘अध्यक्ष महाराज, माझा मंत्रिमहोदयांना थेट प्रश्न आहे...’ तयारीचा आमदार तिथे ओळखू येतो. तो भाषण करत नाही. दोन ओळींत तारीख, रक्कम, शासन निर्णय सांगतो आणि ‘होय की नाही’ विचारतो. या एका तासात गोंधळ घालून कामकाज बंद पाडलं जातं, तेव्हा मला फार वाईट वाटतं, मग बाक कुठल्याही बाजूचे असोत. ज्या तासासाठी १८६१ पासून १८९२ पर्यंत थांबावं लागलं, तो तास असा जातो.

प्रश्नाच्या जोडीला आणखी आयुधं आहेत. (‘आयुधं’ हा शब्द खुद्द विधिमंडळातलाच.) तातडीचा सार्वजनिक विषय असेल तर लक्षवेधी सूचना. त्याहून गंभीर असेल तर स्थगन प्रस्ताव, म्हणजे ठरलेलं कामकाज बाजूला ठेवून आधी यावर बोला अशी मागणी. उत्तराने समाधान झालं नाही तर अर्धा तास चर्चा. नियम मोडला जात असेल तर हरकतीचा मुद्दा. आणि लक्षवेधीवर मंत्री ‘चौकशी करू’, ‘तीन महिन्यांत अहवाल देऊ’ असं म्हणाले, की ते वाऱ्यावर जात नाही. त्याची आश्वासन म्हणून नोंद होते आणि आश्वासन समिती नंतर त्याचा पाठपुरावा करते.

समित्यांबद्दल लोकांना सर्वांत कमी माहीत असतं. कॅमेरे तिथे नसतात म्हणून असेल. लोकलेखा समिती महालेखापालांच्या अहवालावरून खर्च झालेल्या पैशाचा हिशेब सचिवांना विचारते. पंचायत राज समिती जिल्ह्यात दौऱ्यावर येते, तेव्हा जिल्हा परिषदेत कशी धावपळ उडते हे तिथल्या कुणालाही विचारा. या समित्यांत सगळ्या पक्षांचे आमदार असतात आणि दार बंद असल्यामुळे कुणाला कुणासाठी अभिनय करावा लागत नाही.

विधेयकाचा प्रवास

विधेयक मंत्री मांडू शकतात, साधा आमदारही मांडू शकतो. आमदाराने मांडलेलं ते अशासकीय विधेयक. ती क्वचितच मंजूर होतात, तरी वाया जातातच असं नाही. १९८०च्या दशकात गर्भलिंग चाचण्यांची दुकानं मुंबईत उघड चालत होती. त्याविरुद्ध स्त्री संघटना लढत होत्या आणि मृणाल गोरे यांनी विधानसभेत अशासकीय विधेयक आणलं. सरकारला हलावं लागलं. १९८८ मध्ये महाराष्ट्राने अशा चाचण्यांवर निर्बंध घालणारा कायदा केला, देशातला पहिला. केंद्राचा कायदा १९९४ चा.

मांडल्यावर विधेयकाची तीन वाचनं होतात. पहिलं म्हणजे मांडणी. दुसऱ्यात आधी तत्त्वावर चर्चा, मग कलमवार विचार, दुरुस्त्या. विषय वादाचा असेल तर दोन्ही सभागृहांच्या संयुक्त समितीकडे ते जातं. तिसऱ्यात अखेरची संमती. मग परिषद, मग राज्यपालांची सही. केंद्राच्या कायद्याशी टक्कर होणार असेल तर राज्यपाल ते राष्ट्रपतींकडे पाठवतात. स्त्रियांवरच्या अत्याचारांविरुद्धचं ‘शक्ती’ विधेयक डिसेंबर २०२१ मध्ये इथे एकमताने मंजूर झालं आणि दिल्लीत जाऊन अडकलं, ते याच टप्प्यावर.

अधिवेशन चालू नसेल आणि घाई असेल तर सरकार वटहुकूम काढतं. जादूटोणाविरोधी कायद्याचा मसुदा वर्षानुवर्षं येत होता, अडत होता, दुरुस्त होत होता. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला आणि काही दिवसांतच वटहुकूम निघाला. पण वटहुकूम सभागृह भरल्यापासून सहा आठवड्यांतच संपतो, त्याच्या आत कायदा व्हावा लागतो. तो त्याच डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात झाला. ज्या माणसाने आयुष्य घातलं, तो ते बघायला नव्हता.

मत घेण्याची रीत ऐकण्यासारखी आहे. अध्यक्ष म्हणतात, अनुकूल असतील त्यांनी ‘होय’ म्हणावे, प्रतिकूल असतील त्यांनी ‘नाही’ म्हणावे. आवाज होतो. ‘होयचे बहुमत, होयचे बहुमत.’ प्रस्ताव संमत. कुणाला हा कौल मान्य नसेल तर ‘पोल’ मागायचा, म्हणजे प्रत्यक्ष मोजणी. नोव्हेंबर २०१४ मध्ये नव्या सरकारचा विश्वासदर्शक ठराव आवाजी मतदानाने मंजूर झाल्याचं जाहीर झालं आणि मोजणी का घेतली नाही यावरून मोठा वाद उठला. जुलै २०२२ मध्ये अध्यक्षांच्या निवडीला शिरगणती झाली. एकेक आमदार उभा राहून आपलं नाव सांगतो आणि त्याच्या मागे आकडा वाढत जातो. माझं मत स्पष्ट आहे: सरकारच्या जीवनमरणाचा विषय असेल तेव्हा डोकी मोजावीत.

पैशाचं थोडक्यात सांगतो. अर्थसंकल्प मार्च महिन्याच्या सुमारास येतो. अलीकडे तो ७ लाख कोटी रुपयांच्या घरात गेला आहे. खात्यावार मागण्या विधानसभेपुढे येतात, आमदार कपात सूचना देतात, म्हणजे या खात्याच्या रकमेतून इतके कमी करा असं सुचवतात. पैसा कापला जावा हा हेतू नसतो, त्या निमित्ताने खात्याच्या कारभारावर बोलायची जागा मिळते. वेळ संपला की उरलेल्या मागण्या चर्चेविना एकदम मताला टाकतात. मग विनियोजन विधेयक, आणि त्याशिवाय तिजोरीतून एक रुपया निघत नाही. वर्षाच्या मध्ये पुरवणी मागण्या येतात. त्यांचा आकडा दरवेळी मोठा असेल, तर मूळ अर्थसंकल्प नीट केला होता का, असं विचारायला हवं.

१४५, २९ आणि ४३

तीन आकडे लक्षात ठेवले की बातम्या वाचायला सोपं जातं. २८८ चं बहुमत १४५. एक-दशांश म्हणजे २९. एवढे सदस्य हजर असले तरच गणसंख्या पुरी होते. नसले तर घंटा वाजवून आमदारांना आत बोलवावं लागतं. विरोधी पक्षनेतेपदासाठीही परंपरेने एक-दशांशाचाच हिशेब लावला जातो. २०२४ च्या निवडणुकीनंतर विरोधातल्या कुठल्याच एका पक्षाकडे २९ आमदार नव्हते, म्हणून त्या पदाचा वाद झाला. आणि १५ टक्के म्हणजे ४३: मुख्यमंत्र्यांसह यापेक्षा जास्त मंत्री करता येत नाहीत. आमदार स्वतः इतरांनाही निवडतात, राज्यसभेचे राज्यातले १९ खासदार आणि राष्ट्रपती. राष्ट्रपतींच्या निवडणुकीत महाराष्ट्राच्या एका आमदाराच्या मताचं मूल्य १७५ धरतात.

सभागृहात या सगळ्यावर अंमल अध्यक्षांचा. ते कुठल्या तरी पक्षातूनच आलेले असतात, पण आसनावर बसल्यावर पक्ष बाजूला ठेवावा अशी अपेक्षा. मत समसमान झालं तरच ते मत देतात. कोणता प्रश्न स्वीकारायचा, कुणाला बोलू द्यायचं, काय कामकाजातून काढून टाकायचं हे तेच ठरवतात. पण त्यांच्या आणि सभागृहाच्या अधिकारालाही कुंपण आहे. जुलै २०२१ मध्ये १२ आमदारांना वर्षभरासाठी निलंबित केलं गेलं. जानेवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द केलं. न्यायालयाचं म्हणणं होतं की निलंबन त्या अधिवेशनापुरतंच असू शकतं. वर्षभर बाहेर ठेवलं तर शिक्षा त्या आमदाराच्या मतदारसंघाला होते. हा विचार मला फार मोलाचा वाटतो, कारण त्यात खुर्ची मतदारांची मानली आहे.

अध्यक्षांची सर्वांत अवघड कसोटी लागते पक्षांतराच्या वेळी. १९८५ च्या कायद्याने पक्ष सोडणाऱ्या किंवा पक्षादेश मोडणाऱ्या आमदाराची आमदारकी जाते. एक-तृतीयांश फुटले तर चालतं, ही सवलत २००३ मध्ये काढली. आता दोन-तृतीयांशांनी दुसऱ्या पक्षात विलीन झालं तरच सुटका. निर्णय अध्यक्षांचा, आणि त्याला कायद्यात मुदत घातलेली नाही. २०२२ च्या जूनमध्ये शिवसेना दुभंगली, सरकार बदललं, दोन्ही गटांनी एकमेकांच्या अपात्रतेचे अर्ज केले. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल मे २०२३ मध्ये आला आणि अध्यक्षांचा जानेवारी २०२४ मध्ये. निकाल कुणाला पटला, कुणाला नाही, हे सोडा. पाच वर्षांच्या सभागृहात असा निर्णय यायला दीड वर्ष लागत असेल, तर मतदाराने दिलेल्या कौलाचं काय होतं? कायद्यात मुदत घालायला हवी, असं मला मनापासून वाटतं.

नागपूरचा डिसेंबर

वर्षात तीन अधिवेशनं: अर्थसंकल्पी, पावसाळी आणि हिवाळी. हिवाळी नागपुरात. १९५३ च्या नागपूर करारात विदर्भाला दिलेला हा शब्द, की सरकार ठरावीक काळ नागपूरला येईल आणि वर्षातून एक अधिवेशन तिथे होईल. मंत्रालयाच्या फायली, गाड्या, कर्मचारी सगळं तिकडे हलतं. मुख्यमंत्री रामगिरीवर, मंत्री रविभवनात, आमदार आमदार निवासात. आणि रस्त्यांवर मोर्चे: अंगणवाडी सेविका, विनाअनुदानित शाळांचे शिक्षक, कोतवाल, आदिवासी. गावाकडून भाकरी बांधून आलेली माणसं.

२३ नोव्हेंबर १९९४ ला गोवारी समाजाचा मोर्चा विधान भवनावर आला होता. अनुसूचित जमातीत समावेश करा, ही मागणी. कुणीतरी मंत्री येऊन निवेदन घेईल म्हणून माणसं दिवसभर थांबली. संध्याकाळी चेंगराचेंगरी झाली आणि ११४ जण गेले. त्यांत बायका आणि मुलं पुष्कळ होती. झिरो माइलजवळ त्यांचं स्मारक आहे. अलीकडे हे अधिवेशन काही वर्षी आठवडाभरातच आटोपलं. २०१९ आणि २०२४ मध्ये ते सहा दिवसांचं होतं. नागपूर करारातला शब्द पाळला जातो, असं त्यावरून म्हणता येईल. पण मोर्चात उभ्या असलेल्या माणसाला सहा दिवसांत कोण भेटणार?

सांगोल्याचे गणपतराव देशमुख अकरा वेळा या सभागृहात निवडून आले. शेतकरी कामगार पक्षाचे, बहुतेक काळ विरोधी बाकांवर. एसटीने प्रवास करणारे आमदार म्हणून लोक त्यांना ओळखायचे. दुष्काळ, पाणी आणि रोजगार हमी यांवर ते वर्षानुवर्षं विचारत राहिले. मागे मोठा पक्ष नसतानाही आमदाराला तेवढं करता येतं.

तुमच्या गावातही असा एखादा विषय असेल: बंद पडलेली नळपाणी योजना, दोनदा बिल काढलेला रस्ता, शिक्षक नसलेली शाळा. आमदारांना सत्काराला बोलवाल तेव्हा सोबत एक कागद द्या. त्यात गावाचं नाव, तारीख, मंजूर रक्कम, तुमच्या आधीच्या अर्जाचा आवक क्रमांक लिहा आणि म्हणा, ‘साहेब, एवढा तारांकित लावा.’ अधिवेशनाच्या बऱ्याच आधी द्या, कारण प्रश्नाची सूचना द्यायची मुदत अधिवेशन सुरू होण्याआधीच संपते. प्रश्न लागला तर छापील उत्तराची प्रत मागून घ्या आणि ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावा. आणि पाचवी ओळ, ‘नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत’, कागदात आहे ना, ते देण्याआधी एकदा पाहून घ्या.